तुम्ही विचारलंत म्हणून: या वयात काऊबॉयच्या कादंबऱ्या कशाला?

वाचनालयात पुस्तक बदलायला गेलो की कुणीतरी हटकतंच, "काका, अजून काऊबॉयच? घोडे आणि ठो-ठो, दुसरं काय असतं त्यात?" आज नीट सांगतो.

मी 31 वर्षं तालुक्याच्या कोर्टात बेलिफ होतो. समन्स बजावायची, जप्तीला जायचं, कुणी कागद घेतला नाही तर पंचांसमोर दारावर चिकटवायचा. फाट्यापर्यंत एसटी, पुढे पायी. त्यामुळे कादंबरीतला मार्शल, म्हणजे तिकडचा कायद्याचा अंमलदार, एकटाच गावात शिरतो आणि ओट्यांवरची माणसं बोलायची थांबतात, ते मला वाचावं लागत नाही, आठवतं. पिस्तूल आधी कोण काढतो यात मला रस नाही. तो खिशातून कागद कधी काढतो, याची मी वाट बघतो.

अमेरिकेत ॲरिझोनातल्या टूमस्टोन गावची गाजलेली चकमक घ्या, 26 ऑक्टोबर 1881. अर्ध्या मिनिटात तीन माणसं गेली. वैर जुनंच होतं, पण गावचा मार्शल व्हर्जिल अर्प त्या दिवशी निघाला तो गावात हत्यार बाळगायला बंदी करणाऱ्या नियमावर बोट ठेवून. नंतर तो, त्याचे भाऊ आणि त्यांचा साथीदार डॉक हॉलिडे यांच्यावरच खुनाचा आरोप आला आणि न्यायाधीशापुढे जवळजवळ महिनाभर साक्षी चालल्या. गोष्टी सांगणारे गोळीबारापाशी थांबतात. मला तो महिना हवा असतो.

पण माझा खरा माणूस बास रीव्ह्ज. गुलामीत जन्मलेला, काळा, 1875 पासून आर्कान्सातल्या फोर्ट स्मिथच्या कोर्टाचा डेप्युटी मार्शल. हद्द इंडियन टेरिटरीची, म्हणजे आजच्या ओक्लाहोमाची. ठरलेला पगार नाही, अटकेमागे आणि मैलामागे पैसे. आणि त्याला वाचता येत नव्हतं! निघण्यापूर्वी तो वॉरंटं कुणाकडून तरी वाचून घ्यायचा, कुठला कागद कुणाचा हे डोक्यात बसवायचा आणि महिनोन् महिने रानोमाळ फिरून माणसं घेऊन यायचा. तीन हजारांवर अटका त्याच्या नावावर सांगतात.

एका वस्तीवर एका आजींना मी ताब्याची नोटीस द्यायला गेलो होतो. त्यांनी आधी तांब्याभर पाणी दिलं, पदराला हात पुसले, कागद उलटा धरून बराच वेळ पाहिला आणि मग माझ्याकडे परत दिला. "तूच वाच रं बाबा. सगळं वाच, गाळू नको." मी ओट्यावर बसून तारखेपासून शिक्क्यापर्यंत सगळं वाचलं. मग त्यांनी अंगठा दिला. शाई पुसायला मी रुमाल पुढे केला, तो त्यांनी घेतला नाही.

रीव्ह्जबद्दल वाचताना दर वेळी ते दार दिसतं. त्याच्या गोष्टीत कागद न वाचता येणारा माणूस दाराच्या दुसऱ्या बाजूला, कागद घेऊन येणाऱ्याच्या जागी उभा होता, आणि त्या कागदाचं वजन त्याच्याइतकं कुणाला कळलं असेल असं मला वाटत नाही.

1902 मध्ये त्याच्या मुलानं, बेनीनं, स्वतःच्या बायकोचा खून केला. वॉरंट निघालं. ते दोन दिवस मार्शलच्या टेबलावर तसंच पडून होतं, कुणी उचलेना, असं सांगतात. मग रीव्ह्जनं ते स्वतः मागून घेतलं. मुलाला घेऊन आला. बेनीला जन्मठेप झाली.

तो कागद त्याला कुणी वाचून दाखवला असेल?