किती देते? मेलबर्नच्या ट्रॅफिकमध्ये छोटी हायब्रिड चालवताना

नवीन गाडी घेतली असं घरच्या ग्रुपवर टाकलं की पहिला प्रश्न ठरलेला, किती देते? रंग, नंबर, किंमत सगळं नंतर. आणि यावेळी हायब्रिड आहे म्हटल्यावर लगेच दुसरा आला, रोज रात्री चार्जिंगला लावावी लागते का गं? मामांना वेगळं, पुण्याच्या दादाला वेगळं, सासऱ्यांना फोनवर वेगळं असं सांगून झालं, आता एकदाच नीट लिहून टाकते.

आम्ही मेलबर्नच्या पश्चिमेला टारनीटला राहतो. इकडे आपली माणसं भरपूर, मेथीची जुडी, कढीपत्ता, इडलीचं पीठ सगळं घरापासून पाच मिनिटांवर, पण वस्ती ज्या वेगाने वाढली त्या वेगाने रस्ते काही वाढले नाहीत, त्यामुळे सकाळी डेरिमट रोडला लागलात की सिग्नल, राउंडअबाउट, परत सिग्नल, आणि मग फ्रीवेला पोचलात की तिथे वेस्ट गेट ब्रिजच्या अलीकडे परत रांग. ऑस्ट्रेलिया म्हटलं की लोकांना वाटतं मोकळे रस्ते आणि कांगारू. माझ्या रोजच्या रस्त्यावर कांगारू नाही, समोरच्या युटचे (मागे उघडा हौदा असलेल्या पिकअपचे) ब्रेकलाइट असतात. गाडी बघताना हा एवढा रस्ता डोक्यात ठेवून बघितली, बाकी शोरूमवाला काय सांगतो ते एका कानाने ऐकलं.

घेतली ती टोयोटा यारिस क्रॉस. लांबी 4.18 मीटर, म्हणजे आपल्याकडच्या चार मीटरच्या आतल्या नेक्सॉनपेक्षा थोडी मोठी आणि क्रेटापेक्षा लहान. क्रॉसओव्हर म्हणजे काय तर हॅचबॅकच्याच हाडापेरावर जरा उंच बांधलेली गाडी, एसयूव्हीसारखी दिसते पण ग्राउंड क्लिअरन्स, म्हणजे जमीन आणि गाडीचं पोट यातलं अंतर, 170 मिलिमीटर, त्यामुळे कोकणातल्या पावसाळी रस्त्यांची स्वप्नं हिच्याबरोबर बघू नका. उंचीचा खरा उपयोग वेगळाच आहे. सासूबाईंचे गुडघे. जुन्या सेडानमध्ये त्यांना खाली खाली बसावं लागायचं आणि उतरताना दाराचा आधार घेऊन, मग माझा हात धरून उठावं लागायचं. हिच्यात चढावंही लागत नाही आणि वाकावंही लागत नाही, सीट बरोबर कमरेच्या उंचीला येते. घरात कोणी साठीच्या पुढचं असेल तर ब्रोशर वाचण्याआधी त्यांना गाडीत बसवून उतरवून बघा, अर्धा निर्णय तिथेच होतो.

आता चार्जिंगचं. नाही, लावावी लागत नाही, लावायला जागाच नाही. दीड लिटरचं तीन सिलिंडरचं पेट्रोल इंजिन, विजेच्या दोन मोटर आणि एक छोटी बॅटरी असा संसार आहे. बॅटरी किती छोटी, तर साधारण पाऊण युनिटची. म्हणजे महावितरणच्या बिलात जे युनिट असतं ना, त्यातलं पाऊण. पूर्ण इलेक्ट्रिक गाडीत पन्नास-साठ युनिटची बॅटरी असते. मग या पाऊण युनिटने काय होतं असं नवऱ्याने पण विचारलं होतं. तर ती सारखी भरते आणि सारखी रिकामी होते, त्यात सगळी मजा. ब्रेकवर पाय ठेवला की मोटर उलटी जनरेटरसारखी चालते, गाडीचा जो वेग एरवी ब्रेक पॅड तापवण्यात वाया गेला असता तो विजेच्या रूपात बॅटरीत जातो, आणि सिग्नल सुटला की तीच वीज गाडी हलवते. इंजिन बंदच. चाळीसच्या आसपासच्या वेगाने सपाट रस्त्यावर हलका पाय ठेवून चाललं तर बराच वेळ बंद राहतं. गिअर बदलायचे नाहीत, क्लच नाही, आपल्याकडे ज्या बेल्टवाल्या ऑटोमॅटिक गिअरबॉक्सला रबर बँडवाला सीव्हीटी म्हणून नावं ठेवतात तो बेल्टही नाही, आत दातेरी चाकांचा एकच संच आहे जो इंजिन आणि मोटरचं जोर वाटप करतो.

म्हणून किती देते याचं उत्तर सरळ नाही. कंपनीचा आकडा 100 किलोमीटरला 3.8 लिटर. इथे हिशोब उलटा असतो, लिटरला किती किलोमीटर असं नाही तर शंभर किलोमीटरला किती लिटर, त्यामुळे आकडा जेवढा कमी तेवढं चांगलं, आणि दादाला कळावं म्हणून दरवेळी 100 ला भागत बसावं लागतं. माझ्या हातात गावातल्या गावात 4.3 च्या आसपास, म्हणजे लिटरला 23. फ्रीवेवर शंभरच्या वेगाने सलग गेलं की 5 च्या जवळ, म्हणजे 20. हो, उलटंच आहे. आपण आयुष्यभर ऐकलं की हायवेला जास्त देते आणि सिटीत कमी, हिच्यात बरोबर उलट, कारण फ्रीवेवर ब्रेकच दाबला जात नाही तर बॅटरी भरणार कशी, इंजिनला सतत राबावं लागतं आणि वर उंच गाडीला वाऱ्याचा विरोध. जो माणूस रोज ट्रॅफिकमध्ये अडकतो त्यालाच ही गाडी पैसे परत देते. वर्षाला 12,000 किलोमीटर धरा, आधीची पेट्रोल गाडी शंभरला 8 लिटर पीत होती, ही साडेचार धरली तरी 420 लिटर वाचतात, लिटरला 1.90 डॉलर धरून जवळजवळ 800 डॉलर. भारताच्या एका तिकिटाचा मोठा हिस्सा. पेट्रोल साधं 91 ऑक्टेनचं चालतं, टाकी 36 लिटरची.

पण हे पैशाचं झालं. मला गाडी पटली ती सिटीतल्या हुक टर्नला. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, मेलबर्नच्या मधल्या भागात ट्रामच्या रस्त्यांवर बऱ्याच चौकांत उजवीकडे वळायचं असेल तर डाव्या लेनमधून चौकात पुढे जायचं आणि आडव्या रस्त्याच्या तोंडाशी जाऊन थांबायचं, उजव्या बाजूने ट्राम आणि सरळ जाणाऱ्या गाड्या सगळ्या जाऊ द्यायच्या, आणि आडव्या रस्त्याचा सिग्नल हिरवा झाला की सगळ्यांच्या आधी सटकायचं. नवीन आलेल्या माणसाचा यात घाम निघतो. चौकाच्या मध्ये तुम्ही उभे, शेजारी आडव्या रस्त्यावरच्या गाड्यांची पूर्ण रांग तुमच्याकडे बघत, मागून ट्रामची टिंग टिंग. टेस्ट ड्राइव्ह शोरूमच्या आजूबाजूच्या रिकाम्या रस्त्यावर न घेता मी मुद्दाम सिटीत घेतली, शेजारी बसलेल्या सेल्सवाल्या मुलाचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. चौकात थांबले तेव्हा इंजिन बंद, आत एकदम शांत, एसी मात्र चालू कारण कॉम्प्रेसरही विजेवरच चालतो. हिरवा पडला, पाय ठेवला, आणि गाडी त्या क्षणी हलली. जुन्या गाडीत इंजिन आधी विचार करायचं मग गिअर विचार करायचा. इथे पहिले दोन-चार मीटर मोटरच ओढते, आणि हुक टर्नला तेवढेच मीटर महत्त्वाचे असतात. एकूण ताकद 85 किलोवॅट, म्हणजे 116 हॉर्सपॉवरच्या आत, नवरा याला पॉवर म्हणत नाही. म्हणू दे.

हळू चालताना बाहेर एक बारीक हुंकार ऐकू येतो, तो मुद्दाम दिलेला असतो, पार्किंगमध्ये चालणाऱ्यांना गाडी येतेय हे कळावं म्हणून. पहिल्यांदा मला वाटलं काहीतरी घासतंय.

आता न पटलेल्या गोष्टी. इंजिन शांत असतं तेव्हा इतकं शांत असतं की चालू झालं की जास्तच जाणवतं. फ्रीवेच्या रॅम्पवर किंवा चढावर पूर्ण पाय दाबला की तीन सिलिंडरचं इंजिन मिक्सरमध्ये खोबरं फिरवल्यासारखं घरघरतं, आणि बेल्ट नसला तरी वागणं तसंच, आवाज आधी चढतो वेग मागून येतो. खडबडीत डांबरावर टायरचा आवाज आत येतो. मागची सीट दोघांसाठी आणि एका लहान मुलासाठी ठीक, तीन मोठी माणसं खांद्याला खांदा लावून. आणि मागे एसीचे व्हेंट नाहीत! जानेवारीत इथे पारा चाळिशी गाठतो, आपल्याकडे लहान लहान गाड्यांना मागे व्हेंट असतात आणि इथे या किमतीत नाहीत, हे मला अजून पचलेलं नाही. उपाय म्हणजे पुढचे मधले दोन्ही झोत मागे वळवायचे आणि आपण पुढे घामाघूम बसायचं. डिकी 390 लिटरची, आठवड्याचा किराणा आणि तांदळाची मोठी गोणी आरामात जाते, पण एअरपोर्टला दोघं जण चार मोठ्या बॅगा घेऊन आले तर मागची एक सीट पाडावी लागते.

थंडीतला अनुभव पण सांगायला हवा. जून-जुलैत सकाळी बाहेर पाच-सहा डिग्री असतं, लेकीची शाळा दीड किलोमीटरवर. गाडी सुरू केली की हीटरला गरम पाणी हवं म्हणून आणि इंजिन तापायला हवं म्हणून ते चालूच राहतं, आणि ते तापेपर्यंत शाळा येते. अशा फेऱ्यांना आकडा सातच्या पुढे जातो. फक्त शाळा, दुकान आणि परत घर एवढंच चालवणार असाल तर हायब्रिडचा फायदा अर्धाही मिळणार नाही, चालत जा सरळ.

मग इलेक्ट्रिक का नाही घेतली? भाड्याचं घर. चार्जर बसवायचा तर एजंटला मेल, एजंट मालकाला मेल, तोपर्यंत लीज संपेल. स्वतःचं घर आणि छतावर सोलर असतं तर मी हायब्रिडकडे बघितलंही नसतं, खरं सांगते. बाकी तुलना थोडीच केली. ह्युंदाई कोनाच्या हायब्रिडची डिकी आणि मागची जागा हिच्यापेक्षा चांगली, पण तिच्यात सहा गिअरचा ड्युअल क्लच (दोन क्लचचा ऑटोमॅटिक गिअरबॉक्स) आहे आणि मुंगीच्या पावलाने सरकताना मला तो जरा अडखळल्यासारखा वाटला, माझा अर्धा वेळ तर मुंगीच्याच पावलाने जातो. होंडाची एचआर-व्ही हायब्रिड मला चालवायला सगळ्यात आवडली होती, पण 2022 मध्ये इथे आली तेव्हा तिला सीटच चार, आणि सासूसासरे आले की आम्ही पाच. विषय संपला. आणि यारिस क्रॉस पेट्रोल की हायब्रिड हा प्रश्नच उरलेला नाही, 2024 मध्ये टोयोटाने इथे जाहीर केलं की ज्या मॉडेलला हायब्रिड आहे त्याची नुसती पेट्रोल गाडी बंद.

दादा, आता तुझ्यासाठी. तू ज्या अर्बन क्रूझर हायरायडर आणि ग्रँड व्हिटारामध्ये घोळतोयस ना, त्यांच्या स्ट्राँग हायब्रिडमध्ये याच घराण्यातलं दीड लिटर तीन सिलिंडर इंजिन आहे, बॅटरी पण तशीच पाऊण युनिटची. पण नीट बघ, त्याच गाड्यांमध्ये माइल्ड हायब्रिड पण मिळते आणि ती वेगळी. माइल्डमध्ये मोटर इंजिनला नुसता हात लावते, एकटी गाडी चालवत नाही. सेल्सवाला दोन्हीला हायब्रिडच म्हणणार, तू स्ट्राँग का असं विचार. कागदावर 27.97 किलोमीटर लिहिलंय, ते लॅबमधलं. टेस्ट ड्राइव्ह रविवारी सकाळी बाणेरला घेऊ नकोस, संध्याकाळी सहाला हिंजवडीतून बाहेर पडताना घे, तिथे इंजिन किती वेळ बंद राहतं ते स्क्रीनवर बघ. तू दर शनिवारी एक्सप्रेस वेने मुंबईला जाणार असशील आणि आठवडाभर घरून काम करणार असशील तर जास्तीचे पैसे वसूल व्हायला फार वर्षं लागतील.

आणि घाटात एक लक्षात ठेव. आम्ही माउंट डँडेनाँगवरून खाली उतरताना बघितलं, थोडं उतरलं की ती छोटी बॅटरी भरून जाते, मग वीज ठेवायला जागा नाही, इंजिन एकदम जोरात फिरायला लागतं आणि नवीन माणूस घाबरतो. बिघाड नाही तो, गाडी इंजिनने वेग रोखतेय. लांब उतार असेल तर आधीच गिअरची दांडी बी वर टाकायची, म्हणजे इंजिनच वेग रोखतं आणि ब्रेक तापत नाहीत. खंडाळ्यात उपयोगी पडेल.

बाहेर राहणाऱ्या मंडळींसाठी दोन गोष्टी. मागच्या सीटखाली बॅटरीला हवा खेचणारी जाळी असते, तिथे पिशवी, चादर असं काही कोंबू नका आणि चिवड्याचा चुरा अधूनमधून व्हॅक्युम करा, जाळी तुंबली तर बॅटरी तापते. दुसरं म्हणजे, या हायब्रिड बॅटरीशिवाय साधी 12 व्होल्टचीही एक असते, आणि गाडीचा सगळा मेंदू तिच्यावर जागा होतो. ती उतरली तर हायब्रिड बॅटरी पूर्ण भरलेली असूनही गाडी उठत नाही. डिसेंबरमध्ये महिना-दीड महिना भारतात जाणार असाल तर शेजाऱ्याकडे चावी देऊन जा, आठवड्यातून एकदा चालू करून अर्धा तास फिरवून आणायला सांगा. नुसतं एसी लावून बसायला नको, चालवायला सांगा. आमचे शेजारी पंजाबी आहेत, ते आनंदाने नेतात आणि परत आल्यावर सांगतात की तुमची गाडी चालू आहे की बंद तेच कळत नाही.