घर नसलेल्या क्लबच्या मागावर: लंडनमध्ये वाँडरर्सचा शोध

एफए कप या फुटबॉलमधील सर्वांत जुन्या स्पर्धेच्या पहिल्या सात वर्षांत पाच वेळा चषक जिंकणारा वाँडरर्स हा क्लब त्यानंतर काही वर्षांतच संपला. त्याला स्वतःचे मैदान कधीच नव्हते आणि म्हणूनच ‘भटके’ हे नाव त्याला शोभत होते. मात्र त्यामुळे आज त्याचा माग काढणाऱ्याला इतरांच्या जागांवरच जाऊन उभे राहावे लागते. गेल्या सप्टेंबरात भाच्याकडे लंडनला गेलो असताना त्यासाठी मी दोन दिवस राखून ठेवले होते. ज्यांना हीच वाट धरायची असेल, त्यांच्यासाठी हे टिपण.

सुरुवात ईशान्य लंडनमधील स्नेअर्सब्रुकपासून करावी. हॅरो शाळेतून बाहेर पडलेल्या जॉन आणि चार्ल्स अल्कॉक या भावांनी १८५९ मध्ये मित्रांसह एपिंगच्या जंगलाच्या कडेला फुटबॉल खेळायला सुरुवात केली आणि क्लबचे नाव ठेवले ‘फॉरेस्ट’. भुयारी रेल्वेच्या सेंट्रल लाइनने जाताना एक खबरदारी घ्यावी. लेटनस्टोनच्या पुढे या मार्गाला दोन फाटे फुटतात, तेव्हा एपिंगची पाटी असलेल्या गाडीतच बसावे. मी घाईघाईत दुसऱ्या फाट्याच्या गाडीत बसलो, वॉनस्टेडला उतरलो आणि तिथून चालत आलो. अंतर फार नाही, पण पावसात ते अंगावर येते. हर्मन हिल या रस्त्यावर विटांची एक भव्य इमारत दिसते. व्यापारी जहाजांवरील खलाशांच्या अनाथ मुलांसाठी ती बांधण्यात आली होती आणि तिच्या जवळच्या जमिनीवर फॉरेस्टचे सामने होत. आता तिथे लोकांची घरे आहेत, त्यामुळे रस्त्यावरूनच पाहावे. तिचे जुने प्रार्थनागृह आज ज्यू समाजाचे सिनेगॉग आहे. फुटबॉलची एकही खूण नाही, तरीही उताराचा तो रस्ता आणि पलीकडची झाडी पाहिल्यावर शनिवारी दुपारी शहरातून गाडीने येणारी ती विशीतली मुले डोळ्यांसमोर आणणे अवघड जात नाही.

त्याच दिवशी परतताना हॉबर्नला उतरून ग्रेट क्वीन स्ट्रीटवर जावे. २६ ऑक्टोबर १८६३ रोजी इथल्या फ्रीमेसन्स टॅव्हर्नमध्ये फुटबॉल असोसिएशन (एफए) या इंग्लंडमधील फुटबॉलच्या संघटनेची स्थापना झाली, त्या बैठकीत फॉरेस्टचे प्रतिनिधी होते. पुढच्याच वर्षी चार्ल्सच्या पुढाकाराने क्लबने वाँडरर्स हे नाव घेतले आणि तो मिळेल त्या मैदानावर, कधी बॅटरसी पार्कमध्ये, खेळू लागला. सदस्य सगळे सुखवस्तू घरांतले, नामांकित शाळांतून शिकलेले आणि पूर्णपणे हौशी होते. त्यामुळे ठरलेल्या वेळी अकरा खेळाडू हजर होतीलच याची खात्री नसे.

दुसरा दिवस संपूर्ण ओव्हलसाठी ठेवावा. नॉर्दर्न लाइनवरील ओव्हल स्थानकापासून मैदान पायी काही मिनिटांवर आहे. आपल्याला हे मैदान १९७१ च्या ऑगस्टमुळे, म्हणजे अजित वाडेकरांच्या संघाने इंग्लंडमध्ये मिळवलेल्या पहिल्या कसोटी विजयामुळे, आणि १९७९ मधील गावसकरांच्या २२१ धावांमुळे जवळचे वाटते. पण याच गवतावर १६ मार्च १८७२ रोजी, सुमारे दोन हजार प्रेक्षकांसमोर, एफए कपचा पहिला अंतिम सामना झाला आणि वाँडरर्सने रॉयल इंजिनिअर्स या लष्करी संघाला १-० असे हरवले. सामना सुरू झाल्यावर थोड्याच वेळात इंजिनिअर्सच्या लेफ्टनंट क्रेसवेलचे गळ्याजवळचे हाड मोडले. बदली खेळाडूची सोयच नव्हती, म्हणून तो तसाच शेवटपर्यंत खेळला. गोल करणाऱ्या मॉर्टन बेट्सचे नाव ‘ए. एच. चेकर’ असे छापून आले, कारण तो मुळात हॅरो चेकर्स या क्लबचा. गोलखांबांवर आडवा दांडा नव्हता, नुसती फीत बांधलेली असे, आणि प्रत्येक गोलनंतर संघ बाजू बदलत.

मैदान बघायला मार्गदर्शित फेरी असते. तिची नोंदणी आधी करावी लागते. माझा सल्ला मात्र असा की इथल्या सरे क्रिकेट क्लबच्या एखाद्या काउंटी सामन्याचे तिकीट काढून दिवसभर आत बसावे. मी तेच केले. प्रेक्षक तुरळक होते आणि कडेच्या गॅसटाकीचा लोखंडी सांगाडा ढगांसमोर काळा दिसत होता. भाचा म्हणाला, “मामा, क्रिकेट चालू असताना तुम्ही फुटबॉलचा सामना बघताय.” ते खरेच होते. पुढे १८९२ पर्यंत, १८७३ चा अपवाद वगळता, प्रत्येक वर्षीचा अंतिम सामना इथेच झाला.

त्या अपवादासाठी वेस्ट ब्रॉम्टनला जाण्याचा मोह टाळावा. १८७३ चा सामना जिथे झाला, ते लिली ब्रिज मैदान केव्हाच नाहीसे झाले आहे. गतविजेत्यांनी फक्त अंतिम सामना खेळायचा आणि जागाही त्यांनीच निवडायची, असा तेव्हाचा नियम होता. थेम्सवरील बोटींची शर्यत पाहता यावी म्हणून तो सामना सकाळीच उरकण्यात आला, एवढे लक्षात ठेवले तरी पुरे.

१८७६, १८७७ आणि १८७८ असे सलग तीन वेळा जिंकल्यावर नियमाप्रमाणे चषक वाँडरर्सचा कायमचा झाला होता. यापुढे तो कुणालाही कायमचा देऊ नये, या अटीवर त्यांनी तो परत केला. ही गोष्ट मला त्यांच्या पाचही विजयांपेक्षा मोठी वाटते. मात्र त्याच सुमारास शाळांच्या माजी विद्यार्थ्यांचे स्वतंत्र क्लब जोर धरू लागले होते आणि वाँडरर्सचे खेळाडू आपापल्या शाळेकडे वळत होते. पुढच्याच हंगामात, पहिल्याच फेरीत, ओल्ड इटोनियन्सने, म्हणजे इटन शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या क्लबने, त्यांना ७-२ असे हरवले. वाँडरर्सचा नावाजलेला खेळाडू आर्थर किनेर्ड त्या वर्षी ओल्ड इटोनियन्सकडून चषक जिंकला. १८८० च्या मोसमानंतर वाँडरर्स एफए कपमध्ये पुन्हा खेळले नाहीत. ज्या शाळांनी खेळाडू दिले, त्यांनीच ते परत नेले. ज्याला ना मैदान ना गाव, त्या क्लबसाठी थांबणार तरी कोण?

शेवटचा मुक्काम वेस्ट नॉरवूडची दफनभूमी. ओव्हलहून स्टॉकवेलला गाडी बदलून ब्रिक्स्टन गाठावे आणि तिथून २ क्रमांकाची बस घ्यावी. १८७२ च्या विजेत्या संघाचा कर्णधार, असोसिएशनचा सचिव, या स्पर्धेची कल्पना मांडणारा आणि १८७२ पासून सरे क्रिकेट क्लबचाही सचिव असलेला चार्ल्स अल्कॉक १९०७ मध्ये वारला. त्याची कबर इथे आहे. दफनभूमी चढावर पसरलेली असून गवत ओले असते, म्हणून चांगले बूट घालावेत आणि कबरीची जागा प्रवेशद्वाराजवळच्या कार्यालयात आधी विचारून घ्यावी. मी न विचारता तासभर फिरलो. सापडल्यावर मी दगडावरची ओली पाने हाताने बाजूला केली आणि फाटक बंद होण्याची वेळ होईपर्यंत तिथेच उभा राहिलो.