कानांना जिभा फुटतात तेव्हा

ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायाच्या आरंभी माउली आपल्या बोलांविषयी सांगतात की ते ऐकताना कानांनाच जिभा फुटतील आणि इंद्रियांमध्ये कलह माजेल. शब्द खरा तर कानाचा विषय, पण जीभ म्हणेल हा रस माझा आणि नाक म्हणेल हा परिमळ माझा. शाळेत या ओव्या अलंकाराचे उदाहरण म्हणून शिकवल्या गेल्या. आळंदीहून पालखीसोबत चालताना मात्र मला त्या अलंकारासारख्या वाटल्या नाहीत, अनुभवाच्या नोंदीसारख्या वाटल्या, आणि तेवढेच मला येथे सांगायचे आहे.

पुणे मागे पडले, दिवे घाट चढून झाला, सासवडचा मुक्कामही आटोपला. जेजुरीच्या वाटेवर उजव्या टाचेचा फोड इतका फुगला की पाऊल टेकवणे नकोसे झाले. पुढे मृदंग वाजत होता आणि ‘ज्ञानबा-तुकाराम’च्या नेमक्या त्याच ठेक्यावर टाच ठणकत होती. काही वेळाने ठेका कानाला लागतो आहे की टाचेला, हे वेगळे करता येईना. त्यात टँकरपाशी ढकलाढकली झाली, कोणाचा तरी हंडा माझ्या पायावर आदळला आणि मला संताप आला. मुखी नाम होते, पण ते दात आवळून घेतलेले होते.

शिवरीच्या अलीकडे एका लिंबाखाली मी बसले, तेव्हा शेजारच्या मावशींनी न विचारताच माझा पाय आपल्या मांडीवर ओढून घेतला. नऊवारी गुडघ्यापर्यंत खोचलेली, कपाळावरचा बुक्का घामाने नाकापर्यंत ओघळलेला. कमरेच्या चंचीतून त्यांनी सुई काढली, तिच्यात पांढरा दोरा ओवला आणि दोऱ्याला खोबरेल चोळले. माझी नजर सुईवर खिळलेली पाहून त्या म्हणाल्या, ‘‘माउली, बघू नका. निस्तं ऐका.’’ मग त्यांनी हरिपाठातला अभंग धरला. आवाज घोगरा होता, पण सुराला पक्का. दुसऱ्या चरणाला मीही नकळत शब्द जोडले आणि त्याच चरणात सुई फोडातून आरपार गेली. वेदना झाली नाही असे मी म्हणणार नाही. ती झाली, पण तिला टोक नव्हते, खालच्या सुरासारखी ती पायातून वर पसरत गेली आणि अभंगाच्या लयीतच विरली. मावशींनी दोरा तसाच फोडात राहू दिला, दोन्ही बाजूंना बोटभर टोके सोडून, म्हणजे पाणी आपोआप झिरपत राहते. ‘‘कातडी काढायची नाही. खालून नवी आली की ती आपसूक जाती.’’ त्यांनी माझे नाव विचारले नाही, गावही नाही. त्यांच्या स्वतःच्या टाचांना खोल भेगा होत्या आणि त्यांत मेण भरलेले होते. माझ्या पायांना हात लावून त्या उठल्या आणि रथामागच्या आपल्या दिंडीत मिसळून गेल्या. पुढे कितीतरी नऊवाऱ्यांमध्ये मी तो घोगरा आवाज शोधला.

जेजुरीला पालखीवर भंडारा उधळला गेला तेव्हा पिवळा रंग मला आधी नाकाला कळला, मग जिभेवर कडवट उतरला आणि डोळ्यांपर्यंत सर्वांत शेवटी पोचला. तळावरच्या समाजआरतीआधीचेही तसेच आहे: चोपदारांनी हातातला चोप, म्हणजे दंड, उंचावला की हजारो टाळ थांबतात आणि शांतता अक्षरशः दिसते. ज्या दिंडीची काही तक्रार असेल तिचे टाळ मात्र वाजत राहतात आणि ती ऐकून घेतली जाते. ही रीत मला फार मोलाची वाटते.

माझीही एक तक्रार होती. आमच्या दिंडीच्या ट्रकवर पहाटे तीनपासून कर्णा लावून ध्वनिमुद्रित अभंग वाजवले जात. त्या आवाजाने भिजलेल्या मातीचा वास, चुलीवरच्या चहाची वाफ, अंधारात शेजारणीचा हात लागणे, सगळे बुजून जाई. एकटा कान बधिर होई आणि बाकीच्या इंद्रियांना दार बंद. जिथे इंद्रियांनी एकमेकांच्या घरी जायचे, तिथे हे का असावे?

चांदोबाच्या लिंबाजवळचे उभे रिंगण, फलटण, नातेपुते, माळशिरस, सगळे एकमेकांत मिसळून गेले आहे. वाखरीच्या रिंगणात अश्व धावून गेल्यावर टापांखालची माती बायकांबरोबर मीही कपाळी लावली. ती उन्हाने गरम होती आणि धाव अजून तिच्यात होती. पंढरीत पददर्शनाची रांग फार लांब होती, म्हणून चंद्रभागेचे स्नान करून कळसाला हात जोडले आणि त्यावरच समाधान मानले.

काल्यानंतर परतण्यापूर्वी मी विणेकरी बुवांकडे कर्ण्याचा विषय काढला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, ‘‘पुढच्या वारीआधी भिशीची बैठक असते, तिथं सगळ्यांसमोर मांडा.’’ मी मांडणार आहे.