पऱ्हाटी, बोंडअळी आणि आमचे संचालक मंडळ

यवतमाळ जिल्ह्यातील एका शेतकरी उत्पादक कंपनीच्या संचालक मंडळावर मी काम करतो. जिनिंगचे, म्हणजे कापसापासून सरकी वेगळी करण्याचे, यंत्र बिघडले की मिस्त्री येतो, दोष शोधतो, भाग बदलतो आणि यंत्र पूर्ववत चालू लागते. सभासदांचे गावही असेच दुरुस्त होईल, अशी माझी पहिली दोन वर्षे प्रामाणिक समजूत होती.

व्यवस्थापन सल्लागार डेव्ह स्नोडन यांनी १९९९ च्या सुमारास आयबीएममध्ये असताना विकसित केलेल्या कनेविन या निर्णय घेण्याच्या चौकटीत किचकट आणि जटिल असा भेद केलेला आहे. किचकट कामात तज्ज्ञ विश्लेषण करून उत्तर देऊ शकतो. जटिल कामात मात्र कारण आणि परिणाम यांचा संबंध बहुधा मागे वळून पाहतानाच उमगतो, म्हणून आधी लहान प्रयोग करावेत, काय घडते ते पाहावे आणि मग पुढचे पाऊल टाकावे, असे ते सांगतात.

मला हे कापसावरच्या गुलाबी बोंडअळीने शिकवले. अळी बोंडात शिरली की फवारणी तिच्यापर्यंत पोहोचत नाही, आणि एकाने जरी फरदड राखली, म्हणजे हंगाम संपल्यावरही कापसाचे पीक उभे ठेवले, तरी तिचे जीवनचक्र लांबते व पुढच्या हंगामात शेजारच्यांनाही त्रास होतो. म्हणून डिसेंबरअखेर पऱ्हाटी, म्हणजे कापसाची झाडे, उपटावी, असे पत्र आम्ही सर्व सभासदांना पाठवले. फारच थोड्यांनी उपटली. कुणाकडे ओलिताची सोय होती आणि आणखी क्विंटल-दोन क्विंटल कापसाची आशा होती, कुणाला मजूर मिळाले नाहीत, आणि बहुतेकांचा प्रश्न एकच होता: शेजाऱ्याची उभी असताना माझीच का उपटू? प्रत्येकाचा निर्णय दुसऱ्याच्या निर्णयावर टांगलेला होता, आणि आमचे पत्र मात्र प्रत्येकाला एकटा समजून लिहिलेले होते.

पुढच्या वर्षी आम्ही दोनच शिवारे निवडली. बोंडअळीचे नर पतंग गंधाने ओढणारे कामगंध सापळे एकरी दोन लावले आणि सलग तीन रात्री सापळ्यामागे आठ किंवा अधिक पतंग सापडले तर उपाय करायचा, ही प्रचलित मर्यादा सर्वांना समजावली. एका शिवारात आकडे मोबाईलवर कळवायचे ठरले. ते आठवडाभरात थांबले. दुसऱ्या शिवारात शेतकरी स्वतः मोजून चहाच्या टपरीजवळच्या फळ्यावर लिहीत, आणि तिथे शेजाऱ्याचा आकडा पाहून बोलणे सुरू होई. पऱ्हाटीची कुट्टी करणारे यंत्र सामाईक भाड्याने आणण्याची कल्पना याच टपरीवर निघाली. मंडळात ती कुणालाही सुचली नव्हती.

यावरून नेतृत्वाने बाजूला व्हावे, असा अर्थ काढणाऱ्यांशी मी सहमत नाही. वजनकाटा, हिशेब आणि चुकाऱ्याची, म्हणजे मालाचे पैसे देण्याची, तारीख यांत प्रयोग नकोत. तिथे नियम कडकच हवा, कारण तो मोडला तर फळ्यापाशीही कुणी विश्वासाने बसणार नाही. जटिल कामात मात्र कोणती माहिती कुणासमोर यावी आणि कोण कुणाला भेटावे, याची काळजी घेणे हेच संचालकाचे काम आहे, आणि ते आदेश काढण्यापेक्षा अधिक कष्टाचे आहे.

येत्या डिसेंबरात कुट्टी यंत्र कोणत्या शेतापासून सुरू करायचे, हे मंडळाने न ठरवता त्या त्या शिवारातल्या शेतकऱ्यांनी ठरवावे, असा ठराव मी पुढील सभेत मांडणार आहे.