एल लोकोच्या गावाला: मोंटेव्हिडिओ ते मिनास

उरुग्वेला जायचं म्हणून सुट्टी टाकली तेव्हा साओ पाउलोतल्या ऑफिसात सगळ्यांचा एकच प्रश्न, तिथं बघण्यासारखं काय आहे, बीचच हवा तर ब्राझीलमध्ये काय कमी आहेत का. मला बीच बघायचाच नव्हता, मला फुटबॉलपटू सेबास्तियान अब्रेऊचं गाव बघायचं होतं. हे नाव घेतल्यावर समोरच्या टेबलावरचा एकजण खुर्चीतून उठलाच, कारण तो निघाला रिओच्या बोटाफोगो क्लबचा कट्टर, आणि मग पुढं बराच वेळ आमचं दोघांचं काम बंद.

ज्यांना नाव माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. वॉशिंग्टन सेबास्तियान अब्रेऊ, सगळे त्याला एल लोको म्हणतात, म्हणजे वेडा. उंचापुरा, लांब केस, पाठीवर १३ नंबर, डाव्या पायाचा स्ट्रायकर. उरुग्वेकडनं ७० मॅचेस आणि २६ गोल, २००२ आणि २०१०चे वर्ल्डकप, २०११ची कोपा अमेरिका (दक्षिण अमेरिकेतल्या देशांची स्पर्धा) जिंकलेल्या टीममध्ये होता. आणि क्लब म्हणाल तर ३०च्या वर, ११ देशांत मिळून. २०१७च्या शेवटी चिलीच्या ऑडॅक्स इटालियानोनं त्याला घेतलं तो त्याचा २६वा क्लब, तिथं सगळ्यात जास्त क्लबांकडनं खेळायचं गिनेस रेकॉर्ड झालं, त्याआधी ते लुट्झ फानेनश्टील ह्या जर्मन गोलकीपरकडं होतं. रेकॉर्ड झाल्यावरही गडी खेळतच राहिला.

नेटवर ह्या माणसाबद्दल काहीही शोधा, सगळं ह्या आकड्याभोवतीच फिरतं, क्विझचा प्रश्न करून टाकलाय त्याचा. मला हे कायम खटकत आलंय. एवढे क्लब एखाद्या माणसाला घेतात, पगार देतात, काहीजण परत परत बोलावतात, ते काय गंमत म्हणून? गोल करतो म्हणून घेतात. चारशेच्या वर गोल केलेत त्यानं.

तर मोंटेव्हिडिओ. शहर शांत आहे, झाडं भरपूर, आणि रस्त्यावरच्या दर दुसऱ्या माणसाच्या काखेत थर्मास आणि हातात माते म्हणजे तिथल्या कडू चहाचा कप, बसमध्ये, बँकेच्या रांगेत, नदीकाठी, कुठंही. नदी म्हणजे रिओ दे ला प्लाता, पलीकडचा काठ दिसत नाही त्यामुळं समुद्रच वाटतो. तिच्या कडेकडेनं रांबला नावाचा लांबच्या लांब रस्ता आहे, मी चालत चालत पार्के रोदोपर्यंत गेलो, कारण तिथं लुईस फ्रान्झिनी स्टेडियम आहे, डिफेन्सॉर स्पोर्टिंगचं. अब्रेऊची सुरुवात इथली, गावाहून आलेला पोरगा, नव्वदीच्या मध्यात इथं सीनियर टीममध्ये खेळायला लागला.

स्टेडियम छोटंसं आहे, शेजारी पाळणे आणि जत्रेसारखी खेळणी असलेला पार्क, गेटवर जांभळा रंग. आत जाता येईल का विचारलं तर गेटवरच्या काकांनी आधी नाही म्हटलं आणि मग मी अब्रेऊसाठी आलोय, भारतातनं, असं मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये सांगितल्यावर त्यांनी पाच मिनिटं म्हणून सोडलं. ग्राउंडवर कुणी नव्हतं, फक्त एक माणूस गोलपोस्टपुढची उखडलेली जागा माती टाकून पायानं दाबत होता. ह्या क्लबचं एक सांगायला पाहिजे. उरुग्वेची लीग म्हणजे पेन्यारोल नाहीतर नासिओनाल, वर्षानुवर्षं दुसरं कुणी जिंकायचंच नाही, ते चक्र १९७६मध्ये ह्याच डिफेन्सॉरनं तोडलं. आणि त्याच वर्षी ऑक्टोबरच्या १७ तारखेला मिनासमध्ये अब्रेऊ जन्मला.

इथनं १९९६मध्ये तो नदीपलीकडं ब्युनोस आयर्सला सॅन लोरेन्झोकडं गेला, तिथं गोल केले आणि १९९८च्या सुरुवातीला स्पेनच्या देपोर्तिवो ला कोरुन्यानं उचलला. ह्याच्यापुढं जे झालं ते नीट समजून घेतलं की त्याच्या सगळ्या भटकंतीचा उलगडा होतो. स्पेनमध्ये जम बसला नाही, पण कागद देपोर्तिवोकडंच राहिले, आणि त्यांनी त्याला पुढची काही वर्षं लोनवर, म्हणजे दुसऱ्या क्लबांना उसना देऊन फिरवला, ग्रेमिओ, मेक्सिकोत तेकोस, परत सॅन लोरेन्झो, मग नासिओनाल, क्रुझ अझुल. २००० साली देपोर्तिवो ला लीगा जिंकलं तेव्हा हा अटलांटिकच्या ह्या बाजूला गोल मारत होता. २००२ला क्रुझ अझुलकडनं एका सीझनमध्ये १९ गोल करून मेक्सिकन लीगचा टॉप स्कोअरर झाला. म्हणजे पहिली कित्येक वर्षं हा बॅगा भरून हिंडतोय ते क्लबांमधल्या करारांमुळं, आणि लोक म्हणणार वेडा आहे, एका जागी टिकत नाही. उरुग्वेची लोकसंख्या ३५ लाखांच्या आसपास, म्हणजे पुण्याहूनही कमी, तिथल्या क्लबांचं गणितच असं की चांगला पोरगा तयार झाला की विकायचा. त्या पोरानं पुढं पोटासाठी बाहेर राहणं हे तिथं कुणाला नवल वाटत नाही.

मी कोल्हापूरचा. आमच्याकडं तालमींच्या टीमा, शाहू स्टेडियमवर मॅच असली की पेठाच्या पेठा येतात, आणि त्या टीमांमधनं एखादा सीझन खेळायला आलेले नायजेरियन प्लेअर मी लहानपणापासून बघितलेत. गोल केला की खांद्यावर, दोन मॅच सुका गेला की शिव्या, आणि पुढच्या वर्षी तो कुठं गेला हे कुणी विचारत पण नाही. अब्रेऊचं करिअर वाचताना मला ते प्लेअर आठवतात. नवं गाव, नवी भाषा, ड्रेसिंग रूममध्ये कुणी ओळखीचं नाही आणि पहिल्याच मॅचपासून गोल पाहिजे. हे एकदा जमवणं अवघड, ह्यानं २५ वर्षं जमवलं.

सेंतेनारिओ स्टेडियमला तर जाणारच होतो. १९३०च्या पहिल्या वर्ल्डकपसाठी बांधलेलं, आतमध्ये फुटबॉल म्युझियम, तिकीट काढून म्युझियम बघितलं की स्टँडमध्ये पण जाता येतं. स्टँडांची नावं कोलोंब आणि आम्स्टरडॅम, उरुग्वेनं १९२४ आणि १९२८ची ऑलिम्पिक गोल्ड जिथं जिंकली त्या गावांची. सिमेंटच्या जुन्या पायऱ्या, वर १०० मीटरचा मनोरा. मी पायरीवर बसलो आणि मोबाईलवर १८ नोव्हेंबर २००९ची मॅच लावली, कोस्टा रिकाबरोबरचा प्लेऑफ, ह्याच ग्राउंडवर. पहिली लेग उरुग्वेनं १-० जिंकलेली, इथं १-१ झाली आणि उरुग्वेचा तो एक गोल अब्रेऊचा. तो गोल धरून उरुग्वे वर्ल्डकपला गेलं. घाना मॅचची पेनल्टी सगळ्यांना पाठ असते, ह्या गोलाबद्दल कुणी बोलत नाही.

आता पेनल्टी. २ जुलै २०१०, जोहान्सबर्ग, क्वार्टर फायनल. आपल्याकडं मॅच रात्री १२ला सुरू झाली, पेनल्ट्या होईपर्यंत अडीच वाजून गेलेले, तालमीच्या हॉलमध्ये टीव्हीपुढं आम्ही सगळे आणि बहुतेकजण घानाच्या बाजूनं, आफ्रिकेतला वर्ल्डकप म्हणून. घानाच्या मुंतारीचा गोल, मग उरुग्वेच्या फोर्लानची फ्री किक, मग शेवटच्या मिनिटाला सुआरेझनं गोललाइनवर हातानं अडवलेला बॉल, रेड कार्ड, आणि घानाच्या ग्यानची पेनल्टी बारला लागली. शूटआउटमध्ये उरुग्वेचा कीपर मुस्लेरानं दोन अडवल्या, उरुग्वेच्या माक्सी परेराची वर गेली, आणि शेवटी अब्रेऊ. ही गेली की उरुग्वे ४० वर्षांनी सेमीफायनलला. तो पळत आला आणि बॉल अलगद उचलून मधोमध टाकला, कीपर किंगसन बाजूला पडलेला. हॉलमध्ये एक क्षण कुणाला कळलंच नाही गोल झालाय की काय झालंय, आणि मग जो दंगा झाला, घानावाले पण ओरडत होते.

लोक म्हणतात वेडाच तो. मी म्हणतो ह्यात वेडेपणा शून्य. त्याच वर्षी १८ एप्रिलला माराकानावर फ्लामेंगोविरुद्ध त्यानं बोटाफोगोकडनं हेच केलेलं, हीच चिप, मॅच २-१ आणि रिओची चॅम्पियनशिप. आधीची सलग तीन वर्षं बोटाफोगो फ्लामेंगोकडनंच फायनल हरलेलं, ऑफिसातला तो मित्र खुर्चीतून का उठला ते आता कळलं असेल. अशा मोक्याच्या पेनल्टीला कीपर एका बाजूला जाणारच, उभा राहून गोल खाल्ला तर त्याला कोण माफ करणार? अब्रेऊला हे माहीत होतं आणि पाय थरथरू न देता मारायची तयारी होती.

मिनासला जायला त्रेस क्रुसेस टर्मिनलवरनं बस मिळते, साधारण १२० किलोमीटर, दोनेक तास. शहर संपलं की दोन्हीकडं गवत आणि गायी, गायी आणि गवत, मग हळूहळू टेकड्या सुरू होतात आणि त्या टेकड्यांमध्ये हे गाव. लावायेहा प्रांताची राजधानी म्हणतात पण तालुक्याच्या गावाएवढंच आहे, दुपारी सगळी दुकानं बंद. मधोमध प्लाझा लिबेर्ताद, तिथं ज्याच्यावरनं प्रांताचं नाव पडलं त्या लावायेहाचा घोड्यावरचा पुतळा, गावाबाहेरच्या टेकडीवर उरुग्वेचा राष्ट्रनायक आर्तिगासचा त्याहून कितीतरी मोठा, तो पण घोड्यावर. प्लाझाजवळ इरिसारी नावाची मिठाईची दुकान-कम-हॉटेल आहे, १८९८पासूनची, तिथं येमा मिळतात, अंड्याच्या बलकाचा गोड गोळा आणि वरनं साखरेचा कडक पापुद्रा, एका वेळी दोनच्या वर जात नाही.

खरी मजा मात्र मला एका साध्या कॉफीच्या दुकानात आली. टेबल पुसायला आलेल्या मालकांना मी अब्रेऊचं विचारलं. साठीचे असतील. त्यांनी फडकं खांद्यावर टाकलं, माझ्यासमोरची साखरेची पुडी उचलली, टेबलाच्या मध्यावर ठेवली, माझा मोबाईल आडवा उभा केला म्हणजे झाला गोल, आणि चमचा म्हणजे किंगसन. चमचा एका बाजूला झोपवला आणि पुडी दोन बोटांनी खालनं अशी टिचकवली की ती मोबाईलवरनं पलीकडं माझ्या कॉफीत पडली. मग दुसरी पुडी घेऊन परत. दुसऱ्यांदा बरोबर मोबाईलच्या अलीकडं पडली तेव्हा त्यांचं समाधान झालं. आणि मग एकदम सिरीयस होऊन म्हणाले, तो इथं येतो, आला की सगळ्यांशी बोलतो, हे लिही. म्हणून लिहिलं. करिअरच्या शेवटी शेवटी तो मिनासच्या ऑलिम्पियाकडनं पण खेळला, एवढं सगळं जग फिरून आपल्या गावच्या टीमचा शर्ट घातला, मला वाटतं ते त्यांना वर्ल्डकपएवढंच महत्त्वाचं वाटत होतं. शेवटची प्रोफेशनल मॅच २०२१च्या जूनमध्ये, सुद अमेरिका क्लबकडनं, वय ४४.

मधले सगळे देश इथं लिहीत बसलो तर पोस्ट संपायची नाही, जेरुसलेमचा बेतार, सॅन सेबास्तियानचा रेआल सोसिएदाद, ग्रीसमध्ये आरिस, क्वितोचा औकास, पॅराग्वेत सोल दे अमेरिका, एल साल्व्हादोरमध्ये सांता तेक्ला, चिलीच्या पार दक्षिणेला पुएर्तो मॉन्त. पण एक सांगतोच. मेक्सिकोत कुलिआकानचा दोरादोस म्हणून छोटा क्लब, तिथं २००६मध्ये अब्रेऊच्या टीममध्ये पेप गार्डिओला होता, हो तोच, पुढं नावाजलेला कोच झालेला, खेळाडू म्हणून शेवटचे महिने खेळत होता, कोच हुआन मानुएल लिल्लो. टीम रेलिगेट झाली, म्हणजे खालच्या लीगमध्ये गेली. त्याच्या आधीच्या सीझनला अब्रेऊ ११ गोल करून लीगच्या टॉप स्कोअररांमध्ये, आणि ते पण तळातल्या टीमकडनं, जिथं मॅचमध्ये दोन चान्स मिळाले तरी खूप.

परत मोंटेव्हिडिओला येऊन ग्रान पार्के सेंत्रालवर नासिओनालची मॅच बघितली. हा अब्रेऊचा लाडका क्लब, कुठनंही परत आला की इथंच यायचा, २००१पासून २०१५पर्यंत मध्येमध्ये. १९३०च्या वर्ल्डकपच्या पहिल्या दिवशी अमेरिका-बेल्जियम मॅच इथं झालेली. एका स्टँडला आतिलिओ गार्सियाचं नाव आहे, नासिओनालचा सगळ्यात जास्त गोल करणारा माणूस, आणि तो मूळचा अर्जेंटिनाचा, बाहेरनं आलेला. शेजारी बसलेलं कुटुंब तीन पिढ्यांचं, आजोबांनी न विचारता माते पुढं केला, कडू जहर, पण संपवल्याशिवाय परत द्यायचा नसतो. त्यांच्या नातवाच्या शर्टावर १३ नंबर होता, वय आठ-नऊ, अब्रेऊला त्यानं खेळताना बघितलेलं असणं शक्य नाही. मी नाव घेतल्यावर आजोबांनी बोटावर मोजत त्याचे क्लब सांगायला सुरुवात केली आणि आजी प्रत्येक नावाला दुरुस्ती करत होत्या, हाफटाइम त्यातच गेला.

कुणाला जायचं असेल तर मार्च ते मे बघा, थंडी नसते आणि लीग चालू असते. मॅचचं तिकीट क्लबच्या ऑफिसातनं घ्या. शाकाहारी लोकांचे हाल होतात हे खरं आहे, पण कुठल्याही पिझ्झाच्या दुकानात फाइना मिळतो, हरभऱ्याच्या पिठाचा, जाडसर बेसनाच्या पोळ्यासारखा, मी त्यावरच जगलो. मिनासला दुपारी एक ते चार जाऊ नका. मी मोंटेव्हिडिओहून बोटीनं ब्युनोस आयर्सला गेलो, सॅन लोरेन्झोचं बोएदो बघायला, जिथं जुनं स्टेडियम पाडून सुपरमार्केट झालं आणि क्लबच्या लोकांनी वर्षानुवर्षं लढून ती जागा परत मिळवली, पण त्यावर वेगळीच पोस्ट होईल, फोटो लावून झाले की टाकतो.