तुम्ही विचारलंत म्हणून: पानथरीवाचून चालतं का?

तलावावर शर्ट काढला की डाव्या बरगडीखालचा वीतभर व्रण दिसतो. ‘किडनी दिलीत का?’ नाही, प्लीहा काढलीय म्हटलं की पुढचं ठरलेलं: ‘अहो, मग तिच्यावाचून चालतं? आणि ती वाढते कशानं?’

आमची आजी तिला पानथरी म्हणायची. पण तिच्या तोंडी पानथरी हा अवयव नव्हताच, तो रोग होता. ‘पोराला पानथरी झालीय.’ हिवताप पुन्हा पुन्हा आला की पोरांच्या पोटात डावीकडे गोळा हाताला लागायचा. 1840 च्या दशकात उत्तर हिंदुस्थानात कालव्याकाठच्या गावांत हिवताप किती आहे, हे इंग्रज डॉक्टरांनी अशी पोटं चाचपूनच ठरवलं होतं. डासाचा हात उघड व्हायला 1897 उजाडलं.

मला हिवताप नव्हता. डोळे पिवळे व्हायचे, म्हणून कावीळ ‘उतरवायला’ नेत. चुन्याच्या निवळीत हात चोळले की पाणी पिवळं व्हायचं, आई समाधानानं हात जोडायची. डोळे तसेच. शेवटी एका डॉक्टरांनी उताणं झोपवलं. हात ठेवला तो थेट उजव्या ओटीपोटावर. दुखतंय डावीकडे आणि हे कुठं शोधतायत, असं आईच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसत होतं. पण प्लीहा वाढते ती तिरकी, बेंबीच्या दिशेनं. वरून चाचपलं तर खूप मोठी झालेली प्लीहा हाताखालीच राहते आणि तिची कड सापडत नाही. ‘श्वास घे. सोड. घे.’ बेंबीच्या जरा वर बोटं थांबली. निरोगी प्लीहा मूठभर, साधारण 150 ग्रॅमची. बरगड्यांआड असते, बहुधा हाताला लागत नाही.

रक्तातली लाल पेशी 120 दिवसांच्या आसपास जगते. प्लीहेतल्या अरुंद फटींतून तिला अंग चोरून निघावं लागतं. म्हातारी पेशी वाकत नाही, अडकते आणि मोडीत निघते. माझ्या पेशी जन्मापासूनच गोल आणि ताठ. आनुवंशिक स्फेरोसायटोसिस. प्लीहा त्या कोवळ्या पेशींनाही मोडीत काढत राहिली आणि कामाच्या बोजानं फुगली. दोष पेशींचा, सुरी चालली हिच्यावर. पेशी मोडल्या की सुटणाऱ्या पिवळ्या रंगानं डोळे पिवळे होतात, आणि त्याचेच पित्तात खडेही धरतात. हा दोष वडिलांकडून आलेला, म्हणून त्यांच्या पित्ताशयातल्या खड्यांचं कोडंही तेव्हाच उलगडलं.

म्हणून सोनोग्राफीत ‘प्लीहा मोठी’ वाचून जे मला औषध विचारतात, त्यांना मी काय सांगणार? लिव्हर सुकल्यानं रक्त तुंबलेलं असेल, टायफॉइड असेल, थॅलेसेमिया असेल, रक्ताचा कॅन्सरही असेल. मूळ डॉक्टरांनीच शोधायचं. फक्त तोवर पोटावर मार बसू देऊ नका. फुगलेली प्लीहा फुटते.

आता तुमचा प्रश्न. चालतं. मोडीचं काम बरंचसं लिव्हर उचलतं. पण न्यूमोकॉकससारखे जंतू रक्तातून गाळायला प्लीहेसारखं कुणी नाही. म्हणून ठरावीक लशी घ्याव्या लागतात, आणि ताप आला की ‘उद्या बघू’ म्हणायची सोय नसते. घरातले हसतात, मी थर्मामीटर बघून रिक्षा बोलावतो.

मागच्या पावसाळ्यात असाच रक्त तपासायला गेलो होतो. तासाभरानं लॅबमधल्या मुलीचा फोन: ‘काका, तुमच्या लाल पेशींत बारीक ठिपके दिसतायत. प्लीहा काढलीय का?’ ते ठिपके टिपून काढणारी गेली, त्याला आता चाळीस वर्षं झाली.