ट्रे घेऊन येणारी

परवा दुपारी जेवण जरा अंगावर आलं, म्हणून 'द लेडीकिलर्स' हा जुना ब्रिटिश सिनेमा लावला. दर दोन-तीन वर्षांनी लावतोच. लंडनच्या किंग्ज क्रॉस स्टेशनालगतचं एक कललेलं घर, त्यात एकटी विधवा म्हातारी, आणि वरच्या खोलीत वादक असल्याचं सोंग आणून बसलेले पाच दरोडेखोर. ग्रामोफोनवर बोकेरिनी नावाच्या संगीतकाराची तबकडी फिरतेय, इकडे बेत शिजतोय. एवढ्यात दारावर टकटक. म्हातारी विचारायला आलीय, चहा घेणार का? झालं! आत पळापळ, जो तो हाताला लागेल ते वाद्य धरून उभा.

ॲलेक गिनेस भलेमोठे दात लावून म्होरक्या झालाय, पीटर सेलर्स आहे, पण माझी नजर काही म्हातारीवरून हलत नाही. नळाला पाणी येईना तर ती लाकडी हातोडा उचलते आणि पाइपाला ठोके देते. चेहऱ्यावर राग नाही, काही नाही. रोजचंच काम.

केटी जॉन्सन तिचं नाव. जन्म १८७८चा. रंगभूमीवर आली १८९४ साली, म्हणजे आपल्याकडे टिळकांनी सार्वजनिक गणपती सुरू केला त्याच सुमारास. (अशा तारखा जुळवायची मला खोड आहे, इलाज नाही.) पहिला सिनेमा १९३२ साली, पन्नाशी उलटल्यावर. पुढं वीस-बावीस वर्षं किरकोळ कामं. आणि १९५५ साली हा सिनेमा. त्याबद्दल सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्रीचा 'बाफ्टा' पुरस्कार मिळाला तेव्हा बाई ७७ वर्षांच्या!

असली नावं शोधत बसायची सवय आजीची. रविवारी संध्याकाळी दूरदर्शनवर हिंदी सिनेमा लागे. नावं सुरुवातीलाच, आणि तीही इंग्रजीत. आजीला इंग्रजी येत नसे, म्हणून वाचायचं काम माझ्याकडे. नायक-नायिकेचं एकेक नाव पडदाभर मोठं, ते जमे. मग एकदम वीस-पंचवीस नावांचा गठ्ठा यायचा आणि मी 'मि' म्हणेपर्यंत गायब. पुढं सिनेमात कुणी ट्रे घेऊन आलं, की आजी हमखास विचारायची, "ही कोण रे?" मी म्हणायचो, "मोलकरीण." "ते दिसतंय मला. नाव काय तिचं?" मग मी काहीतरी ठोकून द्यायचो. वर्षभरात मी सतरा मोलकरणींना शशिकला करून टाकलं असेल. आजी खूश.

केटीबाईंनी त्यानंतर आणखी एक सिनेमा केला आणि मे १९५७मध्ये त्या गेल्या.

त्यांचा एक किस्सा नेहमी सांगतात. 'लेडीकिलर्स'मधल्या म्हातारीच्या कामासाठी आधी म्हणे त्यांना नकारच मिळाला होता. फारच थकलेल्या दिसतात, चित्रीकरण झेपायचं नाही, म्हणून. त्यांच्याऐवजी वयानं कमी असलेली दुसरी नटी ठरवली, आणि चित्रीकरण सुरू व्हायच्या आधीच ती वारली. किस्सा इथं संपतो, लोक हसतात. मीही हसत आलोय.

परवा पहिल्यांदाच लक्षात आलं, त्या दुसरीचं नाव मला कुणी कधी सांगितलेलं नाही. मीही विचारलेलं नाही.